नाव कमी करणेबाबत

सात वाजले नव्हते तरी एरंडोलच्या पत्र्यांवर ऊन चढलं होतं. वैशाखातल्या उन्हाला या भागात उगवावं लागत नाही, ते रात्रभर भिंतीत मुक्कामालाच असतं. पाच दिवसांनी नळाला पाणी आलं होतं. हिलाल नाना पाइप धरून कूलरची टाकी भरत होते आणि वर गच्चीवर कुंदाबाई शिजवलेल्या ज्वारीच्या बिबड्या ओल्या धोतरावर थापत होत्या. ऊन करकरीत व्हायच्या आत धोतर भरलं पाहिजे, म्हणून त्यांचा हात थांबत नव्हता. उद्या आखाजी, म्हणजे अक्षय्यतृतीया, लेकींनी माहेरी यायचा सण. दुपारच्या धुळे गाडीने लेक येणार होती, दिपमाला.

नानांचा एक डोळा टाकीवर होता आणि दुसरा खोलीतल्या टीव्हीवर. टीव्हीखाली दिपमालाचं गेम खेळायचं काळं मशीन घुरघुरत होतं. पडद्यावर एक निळी पट्टी मुंगीच्या पावलांनी सरकत होती. एक्क्याऐंशी टक्के. टाकी भरून सांडली, नानांचा पायजमा घोट्यापर्यंत भिजला, तेव्हा कुठे ती ब्याऐंशीवर आली.

"आवो, पानी कूलरमा भरी ऱ्हायनात का घरमा?" वरून कुंदाबाईंनी विचारलं.

नानांनी पाइप बाहेर ओढून नळ बंद केला. तहसील कचेरीत एकतीस वर्षं रेशनकार्डांच्या टेबलावर कारकुनी केलेला माणूस. वरून आलेल्या प्रश्नाला लगेच उत्तर द्यायचं नसतं, हे अंगात मुरलेलं.

गल्लीत त्यांच्या या उद्योगाची चेष्टा व्हायची. शेजारचा लोटन विचारायचा, नाना, या वयात टीव्हीवर गोळ्या झाडता का? नानांनी आयुष्यात त्या मशीनवर एकही खेळ खेळलेला नव्हता. कोणतं बटण दाबलं की काय पळतं, हे त्यांना ठाऊक नव्हतं. ते फक्त खेळ अद्ययावत ठेवायचे. दर रविवारी, पहाटे साडेपाचला. गल्ली झोपलेली असते तोवर नेट जरा धावतं.

त्याला कारण होतं पहिली आखाजी. लग्नानंतर दिपमाला पहिल्यांदा माहेरी आली, तेव्हा दीड दिवसाचीच सवड काढून आली होती. पिशवी ठेवली, पाणी प्यायली आणि आधी मशीन लावलं. लग्नापासून बंद असलेलं ते, चालू झाल्याबरोबर म्हणालं की खेळ जुना झाला, आधी नवा उतरवून घ्या. मोबाइलच्या नेटवर तो उतरायला लागला. संध्याकाळी बारा टक्के. बाहेर लिंबाच्या झोक्यावर पोरींची गाणी चालली होती, आईने खापरावर मांडे केले होते, आणि ही पट्टीसमोर मांडी घालून बसलेली. दुसऱ्या दिवशी दुपारी जावई नवल न्यायला आला तेव्हा एकसष्ट झाले होते. तिने टीव्ही बंद केला, त्यावरची धूळ पदराने पुसली आणि गाडीत बसली. तक्रारीचा एक शब्द नाही. तक्रार केली असती तर नानांना सोपं गेलं असतं. तक्रारीचं काय करायचं, ते त्यांना माहीत होतं.

मशीन नुसतं झोपवून ठेवलं तर आपोआप खेळ उतरवून घेतं म्हणे. पण उन्हाळ्यात व्होल्टेज खालीवर, कुंदाबाई पिन उपसून ठेवायच्या. मग नानांनीच फोनवर लेकीकडून शिकून घेतलं. खेळाच्या चित्रावर जायचं. चित्र उघडायचं नाही. तीन आडव्या रेघांचं बटण दाबायचं, यादी निघते, तीत अपडेट तपासायची ओळ असते, तिच्यावर थांबायचं. नानांनी ते एका वहीत लिहून घेतलं. पुढे त्याच वहीत ते दर रविवारची तारीख टाकायचे, समोर "अद्ययावत केले" लिहायचे आणि सही करायचे. सही कोणासाठी, हे कुंदाबाईंनी एकदा विचारलं होतं.

तसे मशीनमध्ये तीन खेळ होते, पण दिपमालाचा जीव एकात. गाव वसवायचा खेळ. रस्ते आखायचे, पाणी आणायचं, घरं उभी राहतात, माणसं राहायला येतात. बारावीनंतर तिला पुण्याला नगररचना शिकायची होती. नंबरही लागला होता. नाना म्हणाले, पुणे लांब पडतं, जळगावला बीकॉम कर. तिने एकदा विचारलं, दुसऱ्यांदा नाही विचारलं. त्याच पावसाळ्यात नानांनी जळगावहून एका ओळखीच्याकडून हे मशीन आणून दिलं. कशाच्या बदल्यात, ते दोघांनाही समजत होतं, बोललं कोणी नाही.

सहा वर्षं ती ते गाव वसवत होती. नाना चहाचा कप घेऊन मागे खुर्चीवर बसायचे. एकदा त्यांनी विचारलं, तुझ्या या गावात आमची कचेरी कुठं? तिने नदीकाठची एक इमारत दाखवली, समोर लिंबाची लांबच लांब ओळ.

"रांग झाडांखाली लागनी पाहिजे, नाना," ती म्हणाली होती. "मानसं उनमा कितला येळ उभी ऱ्हातस."

एकतीस वर्षं त्यांच्या खिडकीसमोर रांग उन्हात उभी राहिली होती आणि नानांना कधी लिंबाचं झाड सुचलं नव्हतं. त्या दिवशी तिला म्हणायला पाहिजे होतं की पोरी, फार चांगलं केलंस. ते म्हणाले, एवढं डोकं अभ्यासात लावलं असतंस तर. हे वाक्य नानांच्या घशात अजून माशाच्या काट्यासारखं होतं. गेली दोन वर्षं ते जे रविवारी पहाटे उठत होते, ते त्या काट्यापायी.

पट्टी शंभरावर गेली. वहीत सही झाली. नाना मशीन बंद करणार, तेवढ्यात त्यांची नजर पहिल्या पडद्यावर गेली. मशीन दर वेळी विचारायचं, कोण खेळणार? आणि खाली एकच नाव असायचं, इंग्रजीत. दिपमाला हिलाल.

आजवर ते नाव त्यांना खुपलं नव्हतं. पण या खेपेला नवल मुक्कामाला येणार होता, टीव्हीसमोर बसणार होता. लग्नात तिच्या सासूने तांदळाच्या ताटात अंगठीने नवं नाव लिहून घेतलं होतं, ज्योती. दिपमाला फार लांबलचक वाटतं, असं त्या म्हणाल्या होत्या. दोन वर्षांनीही माहेरच्या यंत्रावर जुनंच नाव, तेही बापाच्या नावासकट. जावयाला काय वाटेल? आणि हा माणूस आयुष्यभर दुसऱ्यांच्या कार्डांवरची नावं दुरुस्त करत आलेला.

या कामात त्यांचा हात बसलेला होता. पोरीचं लग्न झालं की माहेरच्या रेशनकार्डावरून तिचं नाव कमी करायचं, दाखला द्यायचा, त्या दाखल्यावर सासरच्या कार्डावर नाव चढतं. दिपमालाच्या लग्नाला महिना झाला नव्हता तेव्हा नाना स्वतःच अर्ज घेऊन आपल्या जुन्या टेबलासमोर उभे राहिले होते. विषय: विवाह झाल्याने मुलीचे नाव कमी करणेबाबत. टेबलावरचा मोतीलाल त्यांच्याच हाताखाली शिकलेला. तो म्हणाला होता, भाऊ, पोरीची हळद तरी उतरू द्या. नाना हसले होते. नियम म्हणजे नियम.

मग त्यांनी तसंच केलं. आधी नवं नाव चढवलं, ज्योती नवल. एकेक अक्षर बाणाने शोधत, घाम पुसत. मग जुन्या नावावर जाऊन कमी करायची ओळ शोधली. मशीनने इंग्रजीत विचारलं की या व्यक्तीचा सगळा डेटा जाईल, चालेल का? नानांनी चष्मा वर करून दोनदा वाचलं. डेटा म्हणजे माहिती. माहिती म्हणजे नाव, वय, फार तर पत्ता. आणि कार्डावरून नाव कमी केलं म्हणून घरातली कोठी थोडीच रिकामी होते? त्यांनी होय म्हटलं. पडद्यावर एकटं ज्योती उरलं. नीटनेटकं. वहीत त्यांनी आणखी एक ओळ लिहिली, "नाव दुरुस्त केले."

दुपारी दिपमाला आली. उन्हाने चेहरा तांबडा झालेला, एका हातात टरबूज. उद्याच्या पितरांच्या घागरीवर ठेवायला आईने डांगर, म्हणजे खरबूज, सांगितलं होतं, हिने खायला टरबूज आणलं, त्यावरून मायलेकींचं थोडं वाजलं. जेवताना नाना आनंदात होते. खेळ तयार शे, ते दोनदा म्हणाले. आते पट्टी देखत बसाले नको. ती हसली. नाना, तुम्हाले तं कंपनीमा नोकरी लागी, म्हणाली.

हात धुऊन ती टीव्हीसमोर बसली. कूलर सुरू होता, खोलीत ओल्या वाळ्याचा वास. नाना मागच्या खुर्चीवर, कप घेऊन.

पहिला पडदा उघडला. ती थोडा वेळ त्याकडे पाहत राहिली.

"नाना, हाई ज्योती कोन शे?"

"तूच ना, बाई." नानांना वाटलं, गंमत करतेय.

"आन दिपमाला?"

"ते नाव कमी कयं मी. जुनं व्हतं."

तिने ज्योतीवर बटण दाबलं. खेळ उघडला. एकदम नवा, झकास, कुठे अडला नाही. आणि मोकळं हिरवं माळरान समोर आलं, मधून एक नदी. खाली लिहिलेलं, पहिला रस्ता आखा.

ती मागे आली. याद्या उघडल्या, मिटल्या, पुन्हा उघडल्या. पंधरा मिनिटं, वीस मिनिटं. नाना मागून पाहत होते. कारकुनाला फाइल सापडत नसली म्हणजे त्याच्या खांद्यांना जे होतं, ते तिच्या खांद्यांना होताना त्यांना दिसलं. गाव मशीनशिवाय दुसरीकडे कुठे जपून ठेवायचं असेल तर वेगळी सोय घ्यावी लागते, ती कोणी घेतली नव्हती. शेवटी तिने हातातलं रिमोट सतरंजीवर ठेवलं.

"बठ्ठं गयं," ती म्हणाली. हळू, जशी आईला सांगत असावी की दूध संपलं.

नानांनी विचारलं, नदीकाठची ती कचेरी? तिने मान हलवली. लिंबाची झाडं? तिने पुन्हा मान हलवली. मग नाना बोलायला लागले. ज्योती नावानं शोधून पाहिलं का, दाखला काढता येतो का, कंपनीला अर्ज केला तर. एकतीस वर्षं समोरचे लोक त्यांना जे विचारायचे तेच ते विचारत होते आणि त्यांना ते ऐकू येत होतं. दिपमालाने वळून त्यांच्याकडे पाहिलं. रागावलेली नव्हती. त्यापेक्षा वाईट, तिला त्यांची कीव येत होती.

"त्या घरमा बी माले कोनी ज्योती म्हनत नही, नाना," ती म्हणाली. "सासू बी आते दिपाच म्हनस. कागदवरच ज्योती शे मी."

कूलरचा पंखा फिरत होता. नानांच्या कपातला चहा तसाच.

त्यांनी विचारलं, पुन्हा मांडता नाही येणार का? आज आहेस, उद्या आहेस. तिने सांगितलं की येतं की, का नाही येत. पण तेव्हा दिवसभर दुसरं काही नव्हतं, म्हणून गाव झालं. आता धुळ्याला नोकरी, घर, सासऱ्यांचं डायलिसिस. "ऱ्हाऊ द्या," म्हणाली, आणि आईला पुरण वाटू लागायला उठली. जाता जाता त्यांच्या हातातला गार कप घेऊन गेली.

नानांना तेव्हाच ते बोलायचं होतं. लिंबाच्या ओळीचं. पुण्याचंही. उद्या बोलू, असं मनाशी धरलं. पण आखाजीच्या दिवशी घागर भरली, पितरांना घास टाकला, आमरस झाला, संध्याकाळी नवल आला. नवलने मशीनकडे पाहिलंसुद्धा नाही, दोघं सासरे-जावई कापसाच्या भावाचं बोलत बसले. तिसऱ्या दिवशी सकाळी ती दोघं गेली. फाटकाशी दिपमाला म्हणाली, नाना, उनमा गच्चीवर जास्ती नका फिरू. नाना हो म्हणाले. एवढंच झालं.

रविवारी पहाटे साडेपाचला त्यांना जाग आली. उठायचं कारण उरलं नव्हतं, तरी ते उठले. पिन लावली. मशीनने विचारलं, कोण खेळणार, आणि ज्योती पुढे केली. नाना खेळाच्या चित्रावर गेले, तीन रेघांचं बटण दाबलं, ओळीवर थांबले. पुन्हा काहीतरी नवं आलं होतं. पट्टी सरकायला लागली.

त्यांनी वही काढली, तारीख टाकली. मग मागचं पान उलटून "नाव दुरुस्त केले" ही ओळ शोधली. ती खोडायला पेन टेकवलं. पण सही केलेल्या नोंदीवर खाडाखोड चालत नाही. पेन तसंच थांबलं. शेवटी त्यांनी ओळीला हात लावला नाही. समासात, बारीक अक्षरात, लिहिलं: दिपमाला. त्याखाली लिंबाची झाडं, एक ओळ. पुढे काय लिहायचं ते आठवेना. गावाचं नाव काय ठेवलं होतं तिने? सहा वर्षं मागे बसून त्यांनी ते कधी विचारलंच नव्हतं. फोन करावा? सहा वाजायचे होते. झोपली असेल. आणि फोन करून काय विचारायचं, की जे मी पुसलं त्याचं नाव सांग?

"आवो," कुंदाबाईंनी गच्चीवरून हाक दिली. "कालन्या बिबड्या पलटाले या. एक बाजू कडक व्हई गयी."

पट्टी चार टक्क्यांवर होती. नानांनी वही मिटून टीव्हीमागे सरकवली, पायजमा गुडघ्यापर्यंत दुमडला आणि जिना चढून वर गेले. धोतराच्या टोकाशी उकिडवे बसले, पहिली बिबडी कडेने नखाने सोडवली आणि उलटी घातली.