भावजींचा उजवा जबडा

आमच्या भावजींना सगळी गल्ली देवमाणूस म्हणते. म्हणू दे. फुकटात देव मिळत असेल तर कोण सोडेल? मोठा आवाज नाही, भांडण नाही, कुणाच्या अध्यात ना मध्यात. कोट उशिरा मिळाला म्हणून गिऱ्हाईक वाट्टेल ते बोलून जातं आणि हे मान हलवत ऐकून घेतात. माझ्या ताईचं यांच्याशी लग्न ठरलं तेव्हा तिच्या मैत्रिणी म्हणाल्या, नशीब काढलंस, नवरा कधी उलटून बोलायचा नाही. मी तेव्हाच म्हटलं होतं, सुलटून तरी बोलतो का ते आधी बघा.

भावजी शिंपी आहेत. दुकानात त्यांना मास्तर म्हणतात. दुकान दोघा भावांचं. धाकटा पुढे काउंटरवर बसतो, मापं घेतो, गिऱ्हाइकांशी गोड बोलतो आणि ‘मी कापलेला कोट’ असं बिनदिक्कत सांगतो. आयुष्यात त्यानं वर्तमानपत्रातल्या कूपनाखेरीज काही कापलेलं नाही. कापणारे मास्तर मागे, पडद्याआड. तिथं एक लांब लाकडी टेबल, वर पांढरीफटक ट्यूबलाइट, भिंतीवर खिळ्यांना टांगलेले पुठ्ठ्याचे नमुने आणि पायाखाली कायम चिंध्या. टेबल त्यांच्या उंचीला कमी पडतं, म्हणून पाठीला पोक आलेलं. पायांखाली विटा घालून ते उंच करा म्हणून ताई कधीपासून मागे लागली आहे. मास्तर म्हणतात, “बघू.” त्यांच्या तोंडी सगळ्यात जास्त वेळा येणारा शब्द हाच.

फिटिंगच्या वेळी मात्र त्यांना बाहेर यावं लागतं. ओठांत टाचण्या धरून गिऱ्हाइकापुढे गुडघ्यांवर बसतात आणि एकेक काढून कापडाला टोचतात. तसं सगळेच शिंपी करतात. पण आमच्या मास्तरांची तऱ्हा वेगळी. धाकट्याचा आवाज चढला की समोर गिऱ्हाईक असो नसो, हे डबीतल्या टाचण्या उचलून तोंडात धरतात. झालं, आता बोलायचा प्रश्नच मिटला. मी हे स्वतः पाहिलं आहे आणि तेव्हा माझाच हात शिवशिवला होता.

मी दातांच्या दवाखान्यात बाहेरच्या टेबलाशी बसते. फोन घेते, वेळा देते, रडणाऱ्या पोरांना गप्प करते आणि रडणाऱ्या बाप्यांनाही. त्यामुळे भावजींचा जबडा ताईपेक्षा माझ्या जास्त ओळखीचा.

त्यांना एकच मुलगी. लहानपणी पडद्यामागच्या टेबलाखाली चिंध्यांशी खेळायची, मोठी झाली तशी टेबलाच्या कडेला येऊन उभी राहिली. कात्री धरायला बापानं शिकवलं. या जगात भावजी कुणाशी मोकळेपणानं बोलले असतील तर या पोरीशी. कापडाचा पोत, खांद्याचा उतार, कॉलरचं वळण, काय न्‌ काय. ताई म्हणायची, “घरात मुका आणि खाली दुकानात बघ, नुसता पोपट!” कौतुकानंच म्हणायची. पोरीचा हातही चांगला होता. धाकट्याला ते खुपायचं, पण कामं वेळेवर होत होती म्हणून तो गप्प होता.

मग तो मखमलीचा कोट आला. एका गवयाचा, निळ्या मखमलीचा, कार्यक्रमात घालायला. मखमलीला लव असते. एका दिशेनं हात फिरवला तर मऊ लागते, उलट फिरवला तर खरखरीत, आणि दिव्याखाली तिचा रंगही पालटतो. म्हणून सगळे तुकडे लव एकाच दिशेला ठेवून कापायचे असतात. पोरीनं कापडाच्या मागच्या बाजूला खडूनं बाण काढून ठेवले होते. पण धाकट्यानं कापडच आखूड आणलेलं. ‘कापड कमी पडतंय, अजून आण’ एवढं एक वाक्य भावाला सांगायचं होतं. मास्तरांना ते जमलं नाही. त्यांनी उजव्या बाहीचा नमुना उलटा फिरवला, उरलेल्या तुकड्यात कसाबसा बसवला आणि कापून टाकला. पोर शेजारी उभी होती. ती म्हणाली, “बाबा, लव उलटी जातेय.” हे म्हणाले, “बघू.”

फिटिंगला गवई आरशासमोर दिव्याखाली उभा राहिला, आणि एक बाही निळी, दुसरी जवळजवळ काळी. त्यानं दोन्ही हात पुढे धरले आणि विचारलं, “यातली माझी कुठली?” दुकानात दुसरीही गिऱ्हाइकं होती, ती हसली. धाकटा चवताळून पोरीकडे वळला. “हिच्या हातात कात्री दिली तेव्हाच मी सांगत होतो! साहेब, माफ करा, पोरीनं कापलाय. उद्यापासून ही दुकानात दिसणार नाही.”

पोरीनं बापाकडे पाहिलं. बाप गवयाच्या पायांशी गुडघ्यांवर, तोंडात टाचण्या. ती म्हणाली, “बाबा?” आणि या देवमाणसानं खाली मान घालून कोटाच्या खालच्या कडेला एक टाचणी टोचली. त्या कडेत काहीही चूक नव्हती. मी तिथंच बाकावर बसले होते, ताईसाठी ब्लाउजचं कापड घेऊन आलेली. मी धाकट्याला म्हटलं, “मास्तरांना विचारा ना कुणी कापलं ते.” तो म्हणाला, “तुम्ही दातांचं बघा, बाई.” सगळ्यांनी परत दात काढले.

पोर घर सोडून दुसऱ्या शहरात गेली. नाटकांचे कपडे शिवणाऱ्या एका कारखान्यात लागली आणि पुढे तिथली मुख्य कटर झाली. ताईला फोन करायची. बापाला नाही. भावजींनी एकदाही विचारलं नाही, कशी आहे म्हणून. फोन वाजला की जिन्यात जाऊन उभे राहायचे, इतकंच.

आणि त्यांचा जबडा दुखायला लागला. उजवीकडे, कानाच्या खाली. तिथून ठणका मानेत जायचा, डोक्यात चढायचा. जेवताना एका बाजूनं चावायचे. जांभई आली तर हातानं हनुवटी धरायचे. आमचे म्हातारे डॉक्टर म्हणजे भिडस्त माणूस. पेशंट बोट लावेल तो दात उपटून हातात देतील. भावजींनी बोट लावलं, त्यांनी दाढ काढली. थोडी कीड होती, म्हणाले. चार दिवस बरं वाटलं, मग ठणका शेजारच्या दाढेत. तीही गेली. मग वरची. काढलेली दाढ मी ट्रेमध्ये बघायची. धुतल्यावर कशी लखलखीत, जाहिरातीत दाखवावी अशी. ताई देवाला हात जोडायची. मला हसावं की आपलंच डोकं बडवावं कळायचं नाही.

दर गुरुवारी आमच्याकडे एक तरुण डॉक्टरीण येते, जबड्यांचीच. मी भावजींना एकदा युक्तीनं गुरुवारची वेळ दिली. तिनं फोटो काढले, बोटांनी गालाचे स्नायू दाबून पाहिले. भावजींच्या डोळ्यांत पाणी आलं. ती म्हणाली, “काका, दात छान आहेत तुमचे. होते तेही छानच असणार. तुम्ही झोपेत दात आवळता. दिवसाही आवळत असाल. आत्तासुद्धा आवळलेत.” मग सरळ विचारलं, “कुणावर राग आहे का? काही बोलायचं राहून गेलंय का कुणाशी?”

“मला राग येत नाही,” भावजी म्हणाले. आणि हे म्हणताना गालावरची शीर अशी टरारून वर आली की मला दारातून दिसली.

तिनं रात्री घालायला दातांवर बसणारं एक प्लॅस्टिकचं कव्हर करून दिलं, आणि सांगितलं की दात काढून हे दुखणं जाणार नाही, ज्याच्याशी बोलायचं आहे त्याच्याशी बोला. कव्हराला त्यांनी महिन्याभरात चावून आरपार भोक पाडलं. गुरुवारी ते पुन्हा कधी दवाखान्यात फिरकले नाहीत. राग येत नाही म्हणे! रात्रभर दातओठ खाणारा माणूस सकाळी उठून भावासाठी दुकानाचं शटर उघडतो, याला शांत स्वभाव म्हणतात. सगळ्या दुनियेला तो भारी सोयीचा पडतो.

मग पोरीचा ताईला फोन आला. तिला परदेशात एका मोठ्या नाट्यगृहात काम मिळालं होतं. जायच्या आधी एका संध्याकाळी येऊन भेटून जाते म्हणाली. परत कधी येईन सांगता येत नाही, आणि बाबांना एक गोष्ट विचारायची आहे, हेही म्हणाली. ताईनं घर धुऊन काढलं. मी भावजींना म्हटलं, “आता तरी बोला. एक वाक्य आहे. ‘बाही मी कापली.’ पाठ करून ठेवा हवं तर.” भावजींनी मान हलवली. मला खरंच वाटलं, या वेळी बोलतील. माझ्यासारखी मूर्ख मीच.

ती येणार त्या दिवशी दुपारी मी डबा खाऊन टेबलाशी आले, तर समोर बाकावर भावजी. मला न विचारता त्यांनी आतल्या डॉक्टरांकडूनच वेळ घेतली होती.

“भावजी, आज? पोरगी येणार ना?”

“फार दुखतंय गं.”

“उद्या करा की! काढल्यावर बोलता येत नाही, माहीत आहे ना तुम्हाला?”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. माहीत होतं. त्यांना ते पुरतं माहीत होतं. आणि ते उठून आत गेले. मला त्या क्षणी त्या माणसाची किळस आली, आणि लगेच वाईट वाटलं, आणि वाईट वाटलं म्हणून स्वतःचाही संताप आला. बाहेर आले तेव्हा गाल फुगलेला आणि दातांत कापसाचा बोळा. डॉक्टर नेहमीप्रमाणे म्हणाले, “तासभर दाबून धरा आणि बोलू नका.” मीही सुट्टी काढून त्यांच्याबरोबर निघाले.

घर दुकानाच्या वरच आहे. पोर आधीच येऊन बसली होती. केस आखूड केलेले, मनगटाला काम करताना बांधतात तशी टाचण्यांची गादी, काढायची विसरलेली. धाकटाही वर आला होता, “आली का आमची परदेशी पाहुणी!” करत. तिनं त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. बापासमोर खुर्ची ओढून बसली.

“बाबा, मी भांडायला आले नाही. मला फक्त तुमच्या तोंडून ऐकायचंय. ती बाही कुणी कापली?”

भावजींनी गालाकडे बोट केलं.

“अगं, दात काढलाय आजच,” ताई मध्ये पडली. “डॉक्टरांनी बोलू नको म्हटलंय तासभर.”

“हो ना, कशाला जुनं उकरायचं,” धाकटा म्हणाला. “आणि माणूस बघ कसा सुजलाय.”

पोरीनं माझ्याकडे पाहिलं. मी खरं तेच सांगितलं, की डॉक्टरांनी तसं म्हटलं आहे. ती म्हणाली, “मग थांबते मी. तास तर तास.”

आणि ती बसली. धाकटा तेवढा वेळ बडबडत राहिला. दुकानात नवीन आरसा बसवला, अमुक साहेबांचा सूट शिवला, तमुक साहेब खूश झाले. ताई आतबाहेर करत होती. भावजी गुडघ्यांवर हात ठेवून जमिनीकडे बघत होते आणि गालावरची शीर उठत होती, बसत होती. शेवटी पोरच उठली. बापासमोर तळहात धरला, आपण लहान मुलासमोर धरतो तसा. भावजींनी बोळा काढून तिच्या हातावर ठेवला. तिनं तो टाकला, हात धुऊन आली आणि परत समोर बसली.

“बोला बाबा.”

धाकटाही गप्प झाला. भावजींनी तोंड उघडलं. भावाकडे पाहिलं, पोरीकडे पाहिलं. मी खुर्चीच्या कडेवर आले होते.

“चहा घेशील?” ते म्हणाले. “तुला साखर कमी लागते.”

पोरीनं खुर्ची मागे सारली. मग म्हणाली, “हो बाबा. कमीच.” चहा प्यायली, कप विसळून ठेवला, आईला मिठी मारली आणि निघाली.

मी टॅक्सीपर्यंत सोडायला गेले. रस्त्यावर आल्यावर तिनं विचारलं, “मावशी, दात किडलेला होता का?”

“नाही,” मी म्हटलं. “धडधाकट होता.”

ती टॅक्सीच्या दाराला धरून रडली. हमसून, मोठ्यानं, येणारेजाणारे बघत होते तरी. मला बरं वाटलं. या घरातल्या कुणाला तरी रडता येतं.

ती गेली. परदेशातून ताईला तिचे फोन येतात, बापाबद्दल ती आता विचारत नाही. नंतरच्या सोमवारी दवाखाना उघडला आणि पहिलाच फोन भावजींचा.

“वेळ देतेस का? दुखतंय.”

“कुठला दात?” मी विचारलं. कार्डावर ते लिहावं लागतं.

पलीकडे शिलाईमशीन चालल्याचा आवाज येत होता. धाकटा कुणाला तरी हसून काही सांगत होता.

“कुठलाही लिही,” ते म्हणाले.