काही न करणाऱ्या बाईची सही

लोक मला म्हणतात, आता वय झालं, माळ ओढा, शांत बसा. शांत बसूनच तर मी घात केला. तेच सांगते, आणि रागानंच सांगते.

आमच्या गावचं सरपंचपद बाईसाठी राखीव झालं तेव्हा माझ्या धाकट्या दिरानं मला उभं केलं. का, तर मी कुणाच्या अध्यात ना मध्यात. निवडून आले. पाटीवर नाव माझं आणि खुर्चीत बूड त्याचं. तो रोज पंचायतीत जायचा, मी शेळ्या सोडायचे. सही तेवढी माझी लागायची. ग्रामसेवक ठरावाचं बुक घेऊन घरी यायचा, मी तुरीच्या शेंगा सोलता सोलता पदराला हात पुसायचे आणि तो बोट ठेवील तिथं सही ठोकायचे. वर काय लिहिलंय ते बघायचेच नाही.

आता तुम्ही म्हणाल, बाई अडाणी असेल. तसंही नाही. शाळेचं तोंड पाहिलं नाही हे खरं, पण लेकरांच्या पुस्तकावर वाचायला शिकले आणि छापलेलं दिसलं की वाचायची खोडच लागली. पाटोद्याच्या बाजारात भेळवाल्याच्या रद्दीत मला एक पुस्तक सापडलं. कव्हर नाही, पुढची पानं नाहीत. चीन देशातल्या जुन्या जाणत्यांचा विचार होता त्यात. ताओ म्हणतात त्याला, म्हणजे वाट. जगाची आपली एक चाल असते, तिला उगीच ढोसू नये. पाणी सखल जागी राहतं आणि सगळ्यांना जगवतं. राज्य करणाऱ्यानं जिथं तिथं हात घालू नये, त्याचं असणं लोकांना टोचू नये. मी ते तीनदा वाचलं. वाटलं, बाई गं, मी काहीच करत नाही, म्हणजे मी लई चांगली सरपंच की!

ही अक्कल मी दिराला सांगितली. त्याला तर घबाडच मिळालं. नांदूरघाटच्या एका सभेत त्यानं माईकवर सांगून टाकलं, आमची वहिनी चीनच्या ऋषींच्या वाटेवरची, खुर्चीवर बसूनही सत्तेला शिवत नाही. टाळ्या पडल्या. मीही पदरात तोंड घालून हसले. आता आठवलं की स्वतःच्याच थोबाडीत द्यावीशी वाटते.

मग एका सकाळी शेजारीण आली. मेंढ्या राखते ती, नवरा गेल्यापासून एकटीच. बस म्हटलं तर बसली नाही. उभ्यानंच विचारलं, गायरानातला मुरूम कोण नेतंय? मला काय ठाऊक. तीच म्हणाली, टिपर तुमच्या दिराचे आहेत, वरचं अर्धं गायरान खांदून नेलं, आता डोहाकडं सरकलेत. ओढ्याचा तो डोह भर उन्हाळ्यात आटत नाही. गावातल्या सगळ्या मेंढरांचं पाणी तेच. मी आपलं नेहमीचं बोलले, की मी कशातच हात घालत नाही बाई.

"अक्का, तुमी काईच करत न्हाई," ती म्हणाली, "मग ठरावावर सही कुणाच्या भुताची हाय?"

तशीच पंचायतीत गेले. बुक मागितलं तर ग्रामसेवक दिराकडं बघायला लागला. मी हिसकून घेतलं. रस्त्याच्या कामासाठी गायरानातून मुरूम उचलायला मंजुरी. खाली माझी सही, गोल गोल गिरवलेली, वर शिक्का. पुढचा ठराव लिहून तयार होता, डोहाकडच्या बाजूचा. तेवढी सही व्हायची राहिली होती.

माझं माहेर मेंढरांवर जगलेलं. बाप कळपाच्या मागून चालायचा, पुढून नाही. मेंढरं आपल्या चालीनं चरायची, तो ओरडायचा नाही, की काठी उगारायचा नाही. पण डोळा कळपावरून हलायचा नाही, आणि लांडग्याचा वास आला की पुढं व्हायचा. हे मी लहानपणी रोज पाहिलंय. तरी मागं राहणं म्हणजे झोपणं, असं मी पुस्तकातून काढलं! आणि दिरानं तर कहरच केला. पुस्तकातले ते जाणते राजाला सांगत होते, की तू खाली हो. ह्यानं ते माझ्या गळ्यात बांधलं, आणि माईकवरून मेंढ्या राखणारीसारख्यांना ऐकवलं. वर बसलेल्यानं खालच्याला नम्रपणा शिकवायचा आणि आपण टिपर भरायचे, ही कुठली वाट?

ग्रामसभा भरली तेव्हा मी आधीच जाऊन खुर्चीत बसले. दीर आला, दारात थबकला, मग बाकावर बसला. डोहाकडचा ठराव वाचला गेला, बुक पुढं आलं. मी पेन उचलला नाही. मागून कुणीतरी म्हणालं, म्हातारीला पुस्तक बाधलं. माणसं हसली.

दीर गोड आवाजात म्हणाला, "वहिनी, तुमच्याच पुस्तकात हाय न्हवं, पाण्यासारखं व्हावं? मग आडव्या कावून येता?"

"पाणी कुठं आडवं येतंय? तूच त्याच्यात मुरूम खांदायला उतरलास. मी काई करत न्हाई म्हणून गावभर सांगितलंस ना? मग आज ही सही करत न्हाई."

कुणी हसलं नाही. दोन सदस्य उठून बाहेर गेले. ठराव तसाच पडला.

डोह राहिला, यंदापुरता. वरच्या अर्ध्या गायरानात आता नुसते खड्डे आहेत. तिथं माझ्या हयातीत गवत उगवायचं नाही, आणि ते दिरानं एकट्यानं नेलं नाही, माझ्या सहीनं नेलं. दीर बोलत नाही. पोटचा पोरगा त्याच्या बाजूनं आहे, अविश्वास ठरावासाठी घरोघर फिरतोय. शेजारीण दारावरून मेंढ्या नेते, चहाला थांबत नाही. मी हाक मारत नाही. कुठल्या तोंडानं मारू?

बुक आता घरी येत नाही. मी पंचायतीत बसते आणि एकेक ओळ बोट ठेवून वाचते. अक्षर लागलं नाही तर परत वाचते. ग्रामसेवक घड्याळ बघतो, म्हणतो, अक्का, कुलूप लावायची वेळ झाली.

मी म्हणते, अजून दोन पानं राहिलीत.