मामेसासऱ्यांचा लॅबिरिंथोडोंट

कोल्हापूर शहरात लॅबिरिंथोडोंट हा शब्द रोजच्या बोलण्यात वापरणारा एकच माणूस आहे, आणि तो माझ्या बायकोचा सख्खा मामा आहे. महाराष्ट्रातही दुसरा असेल असे वाटत नाही, पण तसे छापायचे तर खात्री करून घ्यावी लागेल. शहरापुरते विधान मी जबाबदारीने करतो. मामा इथल्याच एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवून निवृत्त झाले, मात्र जे प्राणी अजून जिवंत आहेत त्यांच्याविषयी त्यांना कधी फारसे कुतूहल वाटले नाही. वाघ, हत्ती, गवा ही त्यांच्या लेखी कालपरवाची मंडळी. त्यांचे मन रमले ते डायनोसॉरच्याही आधीपासून दलदलीत पडून असलेल्या, आता पार नामशेष झालेल्या एका सुस्त उभयचर कुळात. थोडा बेडूक, थोडी मगर, डोके चपटे, डोळे थेट टाळूवर, पाय असून नसल्यासारखे. या कुळाला पुस्तकात लॅबिरिंथोडोंट म्हणत. अर्थ असा, की दातात चक्रव्यूह असलेला. दात बाहेरून साधा सुळ्यासारखा, पण आडवा कापला तर आतले थर घड्या घालत, वळणे घेत मध्यापर्यंत असे जातात की बोट ठेवून वाट शोधावी. ‘चक्रव्यूहदंत’ असा मराठी शब्द मामांनी स्वतः केला होता, पण तो ते क्वचितच वापरत. “लॅबिरिंथोडोंट म्हटलं की तोंड कसं भरल्यागत वाटतंय,” असे त्यांचे म्हणणे.

हा चक्रव्यूह समजावून सांगायला ते कोबी वापरत. वर्गात त्यांनी वर्षानुवर्षे कोबीचे गड्डे आडवे कापले आणि निवृत्तीनंतर ती सवय घरी आली. मामींनी भाजीला आणलेला गड्डा ओट्यावर दिसला की मामा सुरी घेत, बरोबर मधोमध कापत आणि एक अर्धा खिडकीच्या उजेडात धरून उभे राहत. त्या वेळी ते कुठे असत कुणास ठाऊक. मामी कसबा बावड्याच्या, साखर कारखान्याच्या भोंग्यावर लहानाच्या मोठ्या झालेल्या, बोलणे सरळ. “अवो, कोबी चिरायचा असतोय, वाचायचा न्हाय,” असे म्हणून त्या हातातला अर्धा काढून घेत. एकदा दाढ दुखते म्हणून मी मामांना दातांच्या डॉक्टरांकडे नेले. डॉक्टरांनी एक्स-रे दिव्यासमोर धरला आणि दाढ काढावी लागेल असे सांगितले. ते मामांच्या कानापर्यंत पोहोचलेच नाही. ते फोटोकडे बघत होते. “एक पण घडी न्हाय हो,” ते खिन्नपणे म्हणाले. “कोट्यवधी वर्षं गेली आणि आमच्याकडं ही एवढीच सपाटी.” डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिले. मी छताकडे पाहिले.

शब्दाचा वापर त्यांनी प्राण्यांपुरता ठेवला नव्हता. वरून साधा आणि आत पुष्कळ वळणे असलेला माणूस भेटला की ते त्याला ही पदवी देत, आणि त्यांच्याकडची ती सर्वोच्च पदवी होती. मामींच्या एका मावशीला ती मिळाली. गल्लीतल्या एका टेलरला मिळाली, कारण तो दिवसभर मुकाट्याने पँटी शिवत असे आणि फक्त मशीन बंद पडल्यावर गात असे. पुढाऱ्यांना त्यांनी ती कधी दिली नाही. “ते वरूनच वाकडे हायत, आत काय बघायचं?” माझे लग्न ठरत होते तेव्हा बैठकीत नोकरी कुठे, शेती किती हे प्रश्न इतरांनी विचारले. मामांनी मला बराच वेळ न्याहाळले, मी दैनिकात आहे म्हणून बातमी कशी लिहिता एवढे विचारले, माझे उत्तर ऐकून घेतले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात मुलीच्या वडिलांना सांगितले, “मुलगा चांगला हाय. लॅबिरिंथोडोंट न्हाय, पण चांगला हाय.” माझ्या वडिलांना ही कुठली तरी पोटजात वाटली. घरी परतताना ते म्हणाले, “आपण त्यांच्यातले नाही, म्हणून काही अडणार नाही ना?”

लग्नानंतर मी काम करतो ते दैनिक मामांच्या देखरेखीखाली आले. कुठेही एखादे जुने हाड सापडल्याची बातमी आली आणि मथळ्यात डायनोसॉर पडला की सकाळी चहाच्या आधी फोन येई. “पावणं, मेलेला प्रत्येक प्राणी डायनोसॉर नसतोय.” मग दुरुस्ती छापण्याची मागणी. शब्दाच्या चुकीला त्यांच्याकडे माफी नव्हती, चुकणारा कुलगुरू असो की आमचा प्रशिक्षणार्थी उपसंपादक. “नाव चुकलं की त्यो दुसऱ्यांदा मेला म्हणायचा,” असे ते म्हणत, आणि ते म्हणताना आवाज खाली येई.

त्यांना एकच खरे दुःख होते. कोल्हापूर काळ्या दगडावर वसले आहे. हा लाव्हाचा दगड, आणि त्यात तसले हाड मिळायचे नाही. विदर्भात मांगलीजवळच्या खडकात त्या कुळातल्या एकाची कवटी मिळाली, हे ते शेजारच्या घरात पाळणा हलल्यासारखे सांगत. तरीही कुठे विहिरीचे किंवा इमारतीच्या पायाचे खोदकाम दिसले की स्कूटर थांबे. खड्ड्यात वाकून ते म्हणत, “ह्याच्याही खाली असंल की. वरनं झाकलंय एवढंच.” पंचगंगेला मोठा पूर आला आणि पाणी गल्लीच्या तोंडाशी पोहोचले, तेव्हा सगळी गल्ली सामान माडीवर चढवत होती आणि मामा गच्चीत उभे होते. मी त्यांना बोलवायला गेलो. समोर तांबूस पाणी लांबवर पसरले होते, उसाचे नुसते शेंडे दिसत होते, विजेचे खांब अर्धे बुडालेले. कुठेच आवाज नव्हता. “असंच हुतं बघा तवा,” मामा म्हणाले. “नुसतं पाणी. पाखरूसुदिक न्हवतं अजून जगात. आणि कडेला ते पडलेलं, काय न करता.” खालून मामींचा आवाज आला, “ते पडू दे! तुमी आदी सिलिंडर वर घ्या!” सिलिंडर मी घेतला. परत वर आलो तेव्हाही ते तसेच उभे होते. मी शेजारी थांबलो, आणि थोडा वेळ मलाही त्या पाण्याच्या कडेला काही तरी सुस्तपणे हलल्यासारखे वाटले. बातमीत हे लिहिले नाही.

गेल्या गणपतीत गल्लीतल्या मंडळाने हलता देखावा करायचे ठरवले. मंडळाचे अध्यक्ष शिरोली एमआयडीसीत लोखंड ओतण्याची फाउंड्री चालवतात आणि एकेकाळी मामांच्या हातून प्राणिशास्त्रात नापास झालेले आहेत. ते माहिती विचारायला आले. “सर, डायनोसॉर करतोय. जरा दोन गोष्टी सांगा.” दुपारचे आत गेलेले अध्यक्ष दिवेलागणीला बाहेर आले आणि वाट बघणाऱ्या कार्यकर्त्यांना म्हणाले, “डायनोसॉर समद्या पेठांत हाय. आपल्याकडं त्याच्या आज्ज्याचा आज्जा बसणार.” अंग फायबरचे, जबडा मोटरवर उघडमीट करणारा, असा बेत ठरला. मामांनी एकच अट घातली. दात आतूनही खरे पाहिजेत. तोंडात बसवलेल्या दाताच्या आत काय आहे ते कुणाला दिसणार, हा प्रश्न दुसऱ्या कुठल्याही गावात निघाला असता. शिरोलीत निघाला नाही. अध्यक्षांनी गिऱ्हाइकांची कामे बाजूला सारली, साच्यासाठी दाताचा लाकडी नमुना, म्हणजे पॅटर्न, करवून घेतला, आतल्या घड्यांसाठी साच्यात वाळूचा गाभा, म्हणजे कोअर, बसवला आणि अख्खी बत्तिशी लोखंडात ओतली. पहिल्या चाचणीला सगळी गल्ली जमली. मोटर सुरू झाली, जबडा ऐटीत उघडला आणि लोखंडाच्या वजनाने तसाच खाली राहिला. मोटर कण्हत होती. कार्यकर्ते जबड्याखाली खांदा देऊन उभे राहिले. मामा मात्र हरखले होते. “बरोबर हाय! असंच पडून ऱ्हायचं ते, आ करून, मासा आपनहून आत येईस्तवर!” शेवटी फायबरचे दात बसवले गेले. एक लोखंडी दात आडवा कापून, घासून आरशासारखा केला आणि काचेच्या पेटीत ठेवला. आणि मंडपाच्या दर्शनी भागावर, या टोकापासून त्या टोकापर्यंत, दिव्यांची पाटी चढली, लॅबिरिंथोडोंट. मामा त्या दिवसांत कारण काढून बाजारात जात आणि येताना पाटीखालून येत.

उद्घाटनाला त्यांनी आपली एक विद्यार्थिनी बोलावली होती. ती आता बाहेरगावी जीवाश्मांवर संशोधन करते. दुपारी आली, मामांच्या पाया पडली, पाटीकडे बघून गप्प झाली. चहा झाला तरी गप्पच.

“काय चुकलंय?” मामांनी विचारले. “बोल की.”

“सर, हे नाव आता वापरत नाहीत.”

मंडपात अध्यक्ष होते, मामी होत्या, मी होतो. तिने अगदी हळू सांगितले. दात सारखे दिसले म्हणून एवढ्या सगळ्यांना एका कुळात बसवले होते. पण त्यांच्यातूनच पुढे बेडूक झाले, पाली झाल्या, पाखरे झाली, गुरे झाली, माणसे झाली. “लेकरं-नातवंडं बाहेर ठेवून नुसत्या म्हाताऱ्यांची भावकी कशी धरायची, सर? म्हणून कुळाचं नाव काढून टाकलं. दाताच्या रचनेपुरता शब्द आहे अजून.”

“कधी काढलं?”

“बरीच वर्षं झाली. तुम्ही शिकवत होता तेव्हापासूनच मागं पडत चाललं होतं.”

“मग मला कधी बोलली न्हाईस?”

“तुम्ही म्हणताना ऐकायला बरं वाटायचं,” ती म्हणाली आणि खाली बघू लागली.

अध्यक्ष पुढे झाले. “सर, कुणाला कळतंय? पाटी झालीया, लायटिंग झालंय. ऱ्हाऊ दे की.” मामीसुद्धा, ज्यांनी त्या शब्दाला जन्मभर नावे ठेवली त्या मामी, म्हणाल्या, “ऱ्हाऊ द्या वो. एवढं मनापासनं केलंय पोरांनी.” मामा प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून पाटीकडे बघत राहिले. दिवसा दिवे बंद असतात तेव्हा अशी पाटी फार साधी दिसते. मग ते उठले.

“उतरवा.”

“सर...”

“उतरवा म्हणतोय न्हवं? दातापुरतं हाय म्हणतीया ती. दाताजवळ लावा.”

त्यामुळे त्या गणपतीत आमच्या गल्लीत जेवणाच्या डब्याएवढ्या काचेच्या पेटीत एक दात आणि त्याच्यामागे भिंतीला टेकून उभी केलेली मंडपाएवढी पाटी, असे दृश्य लोकांनी पाहिले. प्राणी बिननावाचा राहिला. मामा माइक घेऊन शेजारी उभे होते आणि येणाऱ्याला दाताचे नाव, दाताचा अर्थ, दाताच्या घड्या समजावत होते. आवाज नेहमीचाच होता, फक्त प्राण्याकडे पाठ होती.

इचलकरंजीहून लेकी-सुनांबरोबर आलेली एक म्हातारी रांगेत थांबली. तिने दात बघितला, पाटी बघितली, जबड्याची उघडमीट बघितली. “अवो मास्तर,” ती मोठ्याने म्हणाली, “दाताला एवढं नाव आन् जनावराला कायबी न्हाय व्हय?” रांग हसली.

मामांनी माइक बंद केला. “हुतं, आज्जी. आता काढलंय.”

“का बरं? काय केलं त्यानं?”

“काय न्हाय केलं. आपुन समदी त्याचीच लेकरं निघालो. मग त्याला येगळं नाव कशाला? आता आपल्यातच धरत्यात.”

म्हातारीने प्राण्याकडे पुन्हा नीट पाहिले. मग वडीलधारे समोर आल्यावर घेतात तसा पदर डोक्यावर ओढून घेतला आणि हात जोडले. मागच्या सुनांनीही जोडले. मामा बाजूला सरकले आणि इतका वेळ पाठीशी असलेल्या प्राण्याकडे तोंड करून उभे राहिले. रांग हळूहळू पुढे जात होती.

आता फोन येत नाहीत. आमच्या मथळ्यात अधूनमधून डायनोसॉर पडतो आणि तसाच राहतो. शब्दही मामांच्या तोंडी ऐकू येत नाही, निदान माझ्यासमोर तरी नाही. थंडीत सकाळी आम्ही रंकाळ्यावर फिरायला जातो. त्या दिवसांत धुके पाण्याला इतके चिकटून असते की पलीकडचा काठ आहे हे आठवणीवर धरून चालावे लागते. परवा मामा मध्येच कठड्याशी थांबले आणि काठीने पाण्याच्या कडेची एक जागा दाखवली. तिथे चिखल होता, पाणवनस्पती होत्या, बाकी काही नव्हते.

“त्या तिथं बसलं असतं बघा, पावणं,” ते म्हणाले, “आपलं म्हातारं.”

ऊन यायला अवकाश होता. आम्ही थांबलो.