आत्याच्या पायाखालचा ब्रेक

आमच्या घरात कोण कसं आहे हे फार पूर्वीच ठरून गेलंय. बाबा धीराचे, आई हट्टी, मी आळशी आणि आत्या भित्री. पाल दिसली की ती खुर्चीवर. कडी लावून झोपायला गेली तरी परत उठून ती ओढून बघणार. बाबा तिचे थोरले भाऊ, त्यांचं वाक्य ठरलेलं: "स्वभावाला औषध नाही."

अशी ही आमची आत्या लोकांना गाडी चालवायला शिकवते. शिकणारा स्टिअरिंगवर, ती बाजूला, आणि तिच्याही पायाशी एक जादा ब्रेक. तिला ही नोकरी देणारा मालक बाबांच्या मते अगदीच भोळा असणार.

मग माझी बहीण शहराबाहेर राहायला गेली. नातीला भेटायचं तर दर वेळी माझी मनधरणी आली, म्हणून बाबांनी साठीत गाडी शिकायचं मनावर घेतलं. आत्या मात्र टाळाटाळ करू लागली. शेवटी मला हळूच म्हणाली, "दादा शेजारी असला की मी लहान होते रे. ऐन वेळी पाय लटपटला तर?"

तिला आधार म्हणून मी मागच्या सीटवर बसलो. पहिल्याच चौकात समोरून ट्रक आला आणि आमच्या धीराच्या माणसाची पाचावर धारण बसली. तुझा ब्रेक दाब, दाब म्हणून ते ओरडायला लागले.

आत्याचा आवाज चढला नाही. "दादा, तो वळणारे, त्याचा दिवा मी मघाशीच बघितलाय. तू त्या दुकानाकडे बघ. बाई रस्त्यात उतरेल आता."

ट्रक वळला. बाई उतरली. बाबांनी ब्रेक लावला, त्यांचा त्यांनीच. आत्याचा पाय हललासुद्धा नाही.

परतताना बाबांनी विचारलं, तुला भीती नाही का वाटली?

"वाटते की. आधी वाटते, म्हणून तर आधी दिसतं."

मला इतका आनंद झाला की मागे एकटाच हसत बसलो. आत्या तीच होती, खुर्चीवर चढणारी. आम्ही तिला आजवर फक्त घरातच पाहिलं होतं.

संध्याकाळी चहा पिताना ती एकदम खुर्चीवर चढली. आम्ही सगळे त्या ठरलेल्या वाक्याची वाट बघत थांबलो. बाबा झाडू घेऊन उठले, भिंतभर नजर फिरवली आणि तिलाच म्हणाले, "कुठंय गं? मला अजून दिसत नाहीये."