डावीकडे बसलेली आई

आबा ताटातलं अर्धंच जेवायचे. उजवीकडची भाजी, वरण आणि भाकरीचा उजवा अर्धा भाग एवढंच संपायचं. डावीकडे वाढलेलं मीठ, ठेचा, कांदा जसंच्या तसं राहायचं. मग ताट पुढे सारून ते माझ्याकडे तक्रार करायचे. ‘ठेचा बठ्ठा सरी गया का? का तुनी माय रुसनी?’ संपलेला कुठे, ठेचा त्यांच्यासमोर वीतभर अंतरावर हिरवागार पडलेला असायचा. पहिल्या दिवशी मला वाटलं, थट्टा करताहेत. आबांची थट्टा तशीच असे, चेहऱ्यावरची रेषही न हलवता केलेली. मी हसले. ते हसले नाहीत.

नव्वदच्या दशकाचा मध्य होता. मी अमळनेरच्या कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवत होते. आठवडाभर तिथे भाड्याच्या खोलीत राहायचं, शनिवारी पॅसेंजरने भुसावळ गाठायचं आणि तिथून एसटीने वरणगावला घरी. आबा, माझे वडील, फॅक्टरीत टर्नर होते, लेथवर लोखंडाचे जॉब कातणारे, नुकतेच निवृत्त झालेले. मार्चमधल्या एका सकाळी अंघोळ करून येताना ते उंबऱ्यावर बसले आणि त्यांना उठताच येईना. लकवा मारला होता. जळगावच्या दवाखान्यातून घरी आणलं तेव्हा डावा हात आणि डावा पाय गेलेला होता, पण बोलणं शाबूत होतं. त्यातल्या त्यात नशीब, असं येणारा जाणारा प्रत्येक जण म्हणायचा. बोलण्यात एवढाच फरक पडला होता की फॅक्टरीत चारी मुलखांतल्या माणसांबरोबर आयुष्यभर बोललेली मराठी-हिंदी बाजूला पडली आणि अमळनेरकडच्या त्यांच्या गावची अहिराणी परत आली.

पुढच्या तपासणीला डॉक्टरांनी त्यांच्या हातात पेन्सिल दिली आणि घड्याळ काढायला सांगितलं. आबांनी सुरेख गोल काढला. त्यात बारा ते सहा सगळे आकडे उजव्या अर्ध्या भागात नीट बसवले आणि पेन्सिल खाली ठेवली. डावा अर्धा गोल कोरा. डॉक्टरांनी विचारलं, झालं? आबा म्हणाले, झालं. केसाएवढा फरक राहिलेला जॉब ज्यांनी कधी पुढे जाऊ दिला नाही, ते आबा त्या घड्याळाकडे समाधानाने बघत होते. डॉक्टरांनी मला बाहेर नेऊन समजावलं की डोळे ठीक आहेत, बिघाड मेंदूत आहे. डावी बाजू त्यांच्या जगातून पुसली गेली आहे, आणि काही पुसलं गेलंय हेही त्यांना माहीत नाही. मला भीती वाटली ती या दुसऱ्या वाक्याची.

आणि आई नेमकी त्यांच्या डाव्या हाताला बसायची. स्वयंपाकघराचं दार त्या बाजूला, म्हणून लग्न होऊन या घरात आल्यापासून तिची जागा तीच. जेवताना, रेडिओ ऐकताना, संध्याकाळी ओट्यावर, कुठेही. त्यामुळे आबांच्या लेखी बायको घरातून नाहीशी झाली होती. एकदा ती त्यांच्या डाव्या खांद्याला टेकून शेंगा सोलत होती आणि ते मला विचारत होते, ‘तुनी माय कोठे गयी?’ आई म्हणाली, मी इथेच आहे. आबांनी मान उजवीकडे वळवली, भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बराच वेळ बघितलं आणि मला म्हणाले, ‘आवाज येस, पन ती दिखस नही.’

आईने शेंगांची परात उचलली आणि ती उजवीकडे जाऊन बसली. आबांचा चेहरा असा उजळला की मला तिथून उठून जावं लागलं. तेव्हापासून तिने घराची सगळी मांडणी फिरवली. पाट उजवीकडे, पाण्याचा तांब्या उजवीकडे, रेडिओ उजवीकडे. अर्धं ताट संपलं की ती हळूच ताट गोल फिरवायची, मग राहिलेलं अर्धंही आबा जेवायचे आणि ठेचा झकास झाला म्हणायचे. घर पुन्हा सुरळीत चाललंय असं वाटायला लागलं. मला मात्र त्या सुरळीतपणाचा राग यायचा. का, ते सांगायचं तर माझ्या अभ्यासाबद्दल थोडं सांगावं लागेल.

मी पुण्याच्या एका प्राध्यापकांकडे पीएचडी करत होते. विषय लाल बटू ताऱ्यांचा. हे तारे आपल्या सूर्यापेक्षा लहान, मंद आणि थंड. आकाशात सगळ्यात जास्त तारे याच जातीचे, तरी नुसत्या डोळ्यांना त्यातला एकही दिसत नाही. जळगाव जिल्ह्यातल्या माणसाला थंड सूर्य सांगितला की तो आधी पत्ता विचारतो. आमच्या स्टाफरूममध्ये दर उन्हाळ्यात हा विनोद व्हायचा आणि दर उन्हाळ्यात मला तो ऐकून घ्यावा लागायचा. त्या सुमारास परदेशात दुसऱ्या एका सूर्याभोवती पहिला ग्रह सापडल्याच्या बातम्या येत होत्या. लाल ताऱ्यांभोवती अजून काहीच सापडलेलं नव्हतं. पण समजा तिथे पृथ्वीएवढा, खडकाचा ग्रह असेल तर त्यावर काय चाललेलं असेल, एवढाच माझा प्रश्न होता. काम सगळं कागदावरचं.

आजारी पडायच्या आधी हे सगळं ऐकून घेणारे एकटे आबाच होते. मी त्यांना सांगितलं होतं, शेकोटी विझत आली की माणूस जवळ सरकतो, तसं या ग्रहाला ताऱ्याच्या अगदी जवळ राहावं लागतं, तरच पाणी पाणी राहतं. पण इतक्या जवळ गेलं की ताऱ्याच्या ओढीने ग्रहाचं गरगर फिरणं आवरतं आणि त्याची एकच बाजू कायम ताऱ्याकडे राहते, चंद्राची आपल्याकडे राहते तशी. एका बाजूला कायमचा दिवस, दुसऱ्या बाजूला कायमची रात्र. आबांनी ते लगेच पकडलं होतं. म्हणाले होते, लेथच्या चकात धरलेला जॉब फिरलाच नाही तर एकाच बाजूला काम होणार. मग विचारलं होतं, रात्रीच्या बाजूचं काय? मी सांगितलं, तिथे इतकी थंडी की हवाच गोठून जमिनीवर पडते. मग तिची जागा घ्यायला उजेडाकडची हवा तिकडे धावते, तीही गोठते. असं होत होत सगळी हवा संपते आणि उजेडाची बाजूही मरते. माझ्या सरांचं मत तेच होतं की असे ग्रह मेलेलेच. मला ते पटत नव्हतं. हवा पुरेशी दाट असली तर वारा ऊब घेऊन अंधाराकडे जाईल आणि गोठू देणार नाही, असं मी धरून चालले होते. गणित मात्र अजून माझ्या बाजूने बोलत नव्हतं.

आता आईने सगळं घर उजवीकडे नेलेलं बघून मला तोच ग्रह दिसायचा. वेडेपणा आहे, मला कळत होतं. चांगल्या माणसाच्या आजारात कुणी आपली पीएचडी शोधू नये. पण एप्रिलच्या तपासणीला डॉक्टर वेगळ्या शब्दांत तेच बोलले. ताट फिरवू नका, म्हणाले. डावीकडून बोला, डावीकडे बसा, डावा हात धरा. त्या बाजूला काही आहे हे मेंदूला पुन्हा शिकवावं लागेल, नाहीतर ती बाजू कायमची जाईल. किती दिवस लागतील, सांगता येत नाही. येईलच असंही नाही.

घरी आल्यावर आई म्हणाली, ‘डॉक्टरांना काय जातंय सांगायला? आता कुठे मी त्यांना दिसायला लागले.’

मी चिडले. माझा स्वभाव तसा आहे आणि त्या दिवशी मी तो आवरला नाही. तू उजवीकडे बसून त्यांना आराम देते आहेस, म्हटलं, पण डावीकडे कुणीच जाणार नसेल तर तिकडे काय उरणार? आईने मला शांतपणे विचारलं की मी का नाही बसत डावीकडे. मी बसले असतेच. पण आबा माझी वाट बघत नव्हते. दिवसातून दहादा ते जिची चौकशी करत होते ती ही होती. तिकडे ओढ लावायची तर तिचीच लागणार होती, आणि त्यासाठी तिला पुन्हा त्यांच्या नजरेआड जावं लागणार होतं. हे मला तिला तोंडाने सांगवलं नाही. तिला ते सांगायची गरजही नव्हती. दुसऱ्या दिवशी सकाळी तिने पाट उचलून डावीकडे मांडला.

मे महिना आठवूही नये असा गेला. सुट्टी होती म्हणून मी घरीच होते. बाहेर ऊन इतकं की दुपारी गल्लीत कुत्रंही नाही, आत कूलर घरघरतोय, आणि आबा मला बायकोच्या तक्रारी सांगताहेत. आजारी नवऱ्याला टाकून माहेरी गेली. बरोबरच आहे, अशा माणसाचं कोण करणार. कधी शिवी द्यायचे, कधी तिचं कौतुक सुरू करायचे, की फॅक्टरीत संप होता तेव्हा तिने घर कसं चालवलं. आई त्यांच्या डाव्या बाजूला, हाताच्या अंतरावर बसून सगळं ऐकायची. मधून मधून बोलायची. ते आवाजाच्या शोधात उजवीकडे बघायचे, थकायचे आणि पुन्हा मला विचारायचे. मी एकदा तिला म्हटलं, पुरे आता, ये इकडे. तिने मानेनेच नको म्हटलं.

जूनमध्ये कॉलेज उघडलं. संगणकाच्या खोलीत चपला बाहेर काढून जायचं, थंड फरशीवर पाय आखडून बसायचं आणि हवेची दाटी थोडी थोडी वाढवत तेच गणित पुन्हा चालवायचं, हा माझा दिनक्रम. एका आठवड्यात आकडे पहिल्यांदा हलले. एका ठरावीक दाटीच्या पुढे अंधाराची बाजू भयंकर थंड होती, पण हवा गोठत नव्हती. सरांना फोन केला. ते म्हणाले, पुन्हा तपासा, घाई नको. मला आनंद झाला होता आणि तो घेऊन जावं असं ठिकाण घरी उरलेलं नव्हतं, म्हणून मला रडू आलं.

त्या शनिवारी घरी पोचले तेव्हा दिवेलागण झाली होती. आबा पलंगावर उशीला टेकून बसले होते. आई डावीकडे, दवाखान्यात शिकवल्याप्रमाणे त्यांच्या गेलेल्या हाताची बोटं एकेक करून उघडत मिटत होती. मग तिने तो हात उचलून त्यांच्या पोटावर, उजव्या हाताजवळ ठेवला. आबा दचकले. उजव्या हाताने त्यांनी तो हात चाचपला, मनगटापर्यंत, पुन्हा बोटांपर्यंत.

‘हाऊ हात कोना शे?’ त्यांनी मला विचारलं. ‘थंडगार शे.’

डॉक्टरांनी बजावलं होतं की असं होईल. स्वतःचा हात ते ओळखणार नाहीत, तेव्हा दरवेळी सांगायचं की हा तुमचाच. मी सांगायला तोंड उघडलं, पण आई आधी बोलली.

‘मना शे,’ तो हात स्वतःचा सांगत ती त्यांच्याच बोलीत म्हणाली. ‘राहू द्या.’

आबांनी या वेळी मान उजवीकडे वळवली नाही. त्या हाताकडेच बघत राहिले.

‘इतला दिन कोठे व्हती?’

‘आठेच. तुमच्याजवळ.’

तो हात आबांनी आपल्या उजव्या तळव्याखाली ओढून घेतला आणि ऊब येईपर्यंत चोळत बसले.