सावोनबाईचा घास

नारिथच्या धंद्याबद्दल त्याच्या गावात कोणाला कधी आदर वाटला नाही. तसं बघायला गेलं तर गाईड म्हणजे इज्जतीचं काम. इस्त्रीचा सदरा, छातीवर बिल्ला, तोंडात इंग्रजी. पण नारिथचं काम होतं लोकांना काळोखात उठवून अंगकोर वाटच्या तळ्याकाठी उभं करायचं आणि सूर्य दाखवायचा.

"म्हणजे सूर्य त्याचा तो उगवतो आणि तू बोट दाखवतोस," त्याचा सासरा लग्नाच्या बोलणीतच म्हणाला होता. "आणि ढग असले तर?"

"तर ढग दाखवतो," नारिथ म्हणाला.

सासऱ्यानं मुलगी दिली. पटलं म्हणून नाही, मुहूर्त ठरून बसला होता म्हणून.

नारिथची आई सावोनबाई. माशाच्या रश्श्यातल्या शेवया विकण्यात तिचं आयुष्य गेलं. अंगकोर वाटच्या पश्चिमेच्या दाराबाहेर, खंदकाच्या काठाला तिची पाटी असायची. तिचं मत सासऱ्यापेक्षा वेगळं नव्हतं, फक्त ती ते रोज सांगायची. "माझ्या शेवया खाऊन माणसाचं पोट तरी भरतं. तुझा सूर्य बघून त्याला भूक लागते, आणि मग तो माझ्याकडेच येतो." आणि पाहुण्यांना तिच्याकडे घेऊन जाणारा नारिथच होता.

या वर्षी, एप्रिलातल्या नव्या वर्षाच्या सणाला थोडे दिवस असताना, सावोनबाई गेली. आजारपण नाही, काही नाही. दुपारी रश्श्यातल्या हळदीवरून सुनेला बोलली, आडवी झाली आणि उठली नाही.

मग पावसाळा सरता सरता प्चुम बेन आलं, म्हणजे पितरांचा पंधरवडा. या दिवसांत भुकेल्या पितरांना मोकळं सोडतात. ते एकामागून एक सात विहार हिंडतात आणि आपल्या माणसांनी आपल्यासाठी काही आणलंय का, ते बघतात. त्यांना उजेड सोसत नाही. म्हणून चिकट तांदळाचे, तीळ घातलेले घास दिवस उगवायच्या आत विहाराच्या अंगणात टाकायचे असतात, नाव घेऊन. सातही विहारांत मुलाच्या हातचा घास सापडला नाही, तर पितर मुलाला शाप देऊन परत जातात.

हे सगळं नारिथ पाहुण्यांना दर वर्षी सांगायचा. शेवटी जोडायचा, "असं इथले लोक मानतात." त्या लोकांत तो स्वतःला धरायचा की नाही, हे त्याला कोणी विचारलं नव्हतं.

विचारलं ते त्याच्या थोरल्या बहिणीनं, किमलायनं. आईच्या घरात तीच राहायची.

"अरे, तू गेलास का विहारात?"

"जाईन ना ताई. पंधरवडा काय पळून जातोय?"

"पळून चाललाय. उद्याची पहाट शेवटची."

"तू टाकलेस ना घास?"

"मी माझे टाकले. ती मला नाही शोधत, तुला शोधतेय. सहा विहार पायाखाली घातले असतील बिचारीनं. गुडघे आधीच गेलेले."

"ताई, मेल्यावर गुडघे दुखत नाहीत."

"तू विचारलंस तिला?"

अडचण अशी की पितरांची वेळ आणि पाहुण्यांची वेळ एकच. दोघांनाही सूर्य उगवायच्या आत आटपायचं असतं. पितरांना त्याच्यापासून पळायचं असतं आणि पाहुण्यांना त्याचा फोटो काढायचा असतो. रोज पहाटे नारिथ पाहुण्यांच्या बाजूनं उभा राहिला होता. शेवटच्या दिवसापुरती बदली मिळते का म्हणून त्यानं चार गाईडना विचारून पाहिलं. त्यातला एक हसला. "उद्या बदलीवर कोण येईल माहितीये? ज्याचे आईबाप, आजे-पणजे सगळे जिवंत आहेत तो. असा सापडला तर त्यालाच तिकीट लावून दाखवू."

मग नारिथनं मधला मार्ग काढला. अंगकोर वाटच्या भिंतीच्या आतच भिक्षूंचा विहार आहे, तळ्यापासून हाकेच्या अंतरावर. पाहुण्यांना तळ्याकाठी जागा धरून द्यायची, कॅमेरे लावून द्यायचे आणि सूर्य येईपर्यंत विहारात जाऊन घास टाकून यायचं. आई वर्षानुवर्षं त्याच दारात बसली होती, तिला रस्ता विचारावा लागणार नव्हता. किमलायनं रात्री घास वळून केळीच्या पानात बांधून दिले आणि बजावलं, "एकही खायचा नाही."

"मी कशाला खाईन?"

"लहानपणी खाल्ला होतास. आजोबांचा."

त्या पहाटेचे पाहुणे होते हेल्गेसाहेब आणि त्यांची बायको ब्रिट. नॉर्वेच्या अगदी वरच्या टोकाला त्यांचं गाव, जिथे हिवाळ्यात दोन महिने सूर्य उगवतच नाही. दोघं म्हातारे, उंच, आणि कशाचीही घाई नसलेले. टुकटुकमध्ये बसताना नारिथनं सवयीनं माफी मागून ठेवली, की महिनाभर ढग आहेत, सूर्य उशिरा दिसेल किंवा दिसणारही नाही.

"उशीर झाला तर चालेल," हेल्गेसाहेब म्हणाले. "आम्हाला वाट बघायची सवय आहे."

हॉटेलचा नाश्त्याचा डबा आज आला नव्हता. आचारी विहारात गेला होता. ते सांगायचं नारिथच्या मनात होतं, पण तेवढ्यात पास तपासायची चौकी आली आणि तो खांद्यावरची पिशवी सीटवर ठेवून खाली उतरला. चौकीवरचा माणूसही आळीपाळीनं विहारात जाऊन येणाऱ्यांपैकी होता, त्यामुळे वेळ लागला.

तळ्याकाठी रोजच्यासारखी गर्दी. नारिथनं दोघांना कडेची जागा मिळवून दिली, कमळांच्या मागून कळस कुठे दिसतील ते दाखवलं आणि खांद्यावरच्या पिशवीतून केळीचं पान बाहेर काढलं. पान हलकं लागलं. उघडून बघितलं तर आत काही नव्हतं. पानाची घडी मात्र पूर्वीपेक्षा नीट घातलेली होती.

"नाश्ता उत्तम होता," हेल्गेसाहेब काळोखातून म्हणाले. "या हॉटेलनं पहिल्यांदाच काहीतरी बरं दिलं. तीळ होते ना?"

"तीळच," नारिथ म्हणाला.

"थोडं कोरडं होतं," ब्रिटबाई म्हणाल्या. "मी एकच खाल्ला."

नारिथनं पूर्वेकडे पाहिलं. महिनाभर जिथे गोधडी पांघरल्यासारखे ढग होते, तिथे आज एकही नव्हता. सूर्य नेमका आजच वेळेवर यायच्या बेतात होता.

"मी आलोच," म्हणून तो विहाराकडे सुटला. सँडलमध्ये चिखल शिरत होता. अर्ध्या वाटेत मागून पावलं वाजली. वळून पाहिलं तर हेल्गेसाहेब आणि ब्रिटबाई लांब ढांगा टाकत मागोमाग. काळोखात गाईडला सोडू नये, असं कंपनीच्या माहितीपत्रकात छापलेलं होतं, आणि ते दोघे छापलेलं वाचणाऱ्यांपैकी होते.

विहारात शेवटची प्रदक्षिणा संपत आली होती. आत भिक्षूंचं पठण चाललेलं, अंगणात मेणबत्त्या विझत आलेल्या. बायाबापड्या रिकामी ताटं काखेत मारून चपला शोधत होत्या. नारिथ एकेकीच्या ताटात डोकावत गेला. सगळ्यांचे घास टाकून झाले होते. मागं राहिलेली एकच बाई दिसली, गुडघ्यावर हात टेकत सावकाश चालणारी. तिच्या ताटात अजून तीन घास होते. नारिथ जवळ गेला, बाईचा चेहरा पाहिला आणि परत फिरावं असं त्याला वाटलं.

ती प्लोंगमावशी होती.

प्लोंगमावशी म्हणजे सावोनबाईची शेजारीण, म्हणजेच वैरीण. दोघी शेवया विकायच्या, दोघींच्या पाट्या एकाच झाडाखाली. त्या झाडाची दुपारची सावली एकाच पाटीला पुरेल एवढी होती. सावली कोणाची, यावर दोघी इतकी वर्षं भांडल्या की गिऱ्हाइकं रस्सा ओरपत ऐकायला बसायची. पुढं सरकारनं सगळ्याच पाट्या तिथून हलवल्या. जागा गेली, भांडण राहिलं. प्लोंगच्या हातचं पाणीसुद्धा सावोनबाईनं कधी घेतलं नाही. सावोनबाईच्या मयताला प्लोंगमावशी आली, बसली, पेज प्यायली आणि पेज पातळ आहे असं सांगून गेली.

"मावशी," नारिथ म्हणाला, "एक घास द्याल?"

"सावोनचा मुलगा ना तू? सूर्यवाला?"

"हो."

"तुझे कुठे गेले?"

नारिथनं मागे बघितलं. "पाहुण्यांनी खाल्ले."

मावशीनं हेल्गेसाहेबांना खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. वरपर्यंत पोचायला वेळ लागला. "सगळे?"

"बाईंनी एकच."

मावशीनं ताटातला एक घास उचलून पुढं केला. "हा घे. हा मी दर वर्षी बेवारशांसाठी करते. ज्यांचं मागे कोणी नाही, त्यांच्यासाठी."

नारिथनं हात मागं घेतला. "तिचं मागे कोणी नाही असं कसं म्हणता मावशी? मी आहे ना."

"अस्सं? मी पंधरवडाभर रोज पहाटे येतेय. एकदाही दिसला नाहीस. तळ्याकाठी होतास ना, हाकेच्या अंतरावर? ऐकू येत होतं मला तुझं इंग्रजी."

नारिथ खाली मान घालून उभा राहिला. पठण थांबायला आलं होतं आणि मावशीच्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्या आता मेणबत्तीशिवाय दिसायला लागल्या होत्या.

मावशीनं बेवारशांचा घास परत ताटात ठेवला आणि दुसरा उचलला. "हा घे मग. नवऱ्याचा आहे. त्याला दर वर्षी मिळतो, त्याचं पोट भरलेलं आहे. पण एक अट. कोणाच्या हातचा आहे ते मोठ्यानं सांगायचं. चोरून खाऊ घालणार नाही मी तिला."

"मावशी, तुमचं नाव ऐकलं तर ती तोंड फिरवेल."

"फिरवू दे."

"मग उपाशी जाईल."

"जाऊ दे. जिवंतपणी रस्सा चाखून बघ म्हटलं तर थुंकली होती. मला माहितीये ती कशी आहे."

मागून हेल्गेसाहेबांनी अदबीनं विचारलं, "काही अडचण आहे का? या लोकांनी अंगणात नाश्ता का टाकलाय?"

नारिथला खरं सांगायचं नव्हतं, पण दुसरं काही सुचेपर्यंत वेळही नव्हता. "तो मेलेल्यांसाठी असतो. उपाशी पितरांसाठी."

"आणि आम्ही खाल्ला तो?"

"तो माझ्या आईचा होता."

हेल्गेसाहेबांनी डोक्यावरची टोपी काढली. ब्रिटबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. लग्नाला चाळीसेक वर्षं झालेली बायको पाहते तसं. मग दोघं हात बांधून उभी राहिली.

नारिथ घास घेऊन अंगणाच्या कडेला गेला. तिथे भिंतीच्या सावलीत अजून थोडा काळोख उरला होता. पाहुण्यांसमोर इतकी वर्षं बोलून त्याचा आवाज तयार झालेला. माणसं शंभर असली तरी शेवटच्याला ऐकू जाईल असा. त्याच आवाजात तो म्हणाला,

"आई, मी नारिथ. उशीर झाला." मग, "हा घास प्लोंगमावशीच्या हातचा आहे."

आणि टाकला. घास गवतात पडल्याचा आवाज आला. नंतर कसलाच आला नाही.

प्लोंगमावशी तिथेच, ताट पोटाशी धरून, घास पडला त्या जागेकडे बघत होती. तिला हवं ते झालं होतं. नाव घेतलं गेलं होतं, सगळ्या अंगणानं ऐकलं होतं. तरी ती हलेना. भिंतीवरचा काळोख वितळत चालला होता.

"बघ," ती नारिथला म्हणाली. "नाही खात."

"मी सांगितलं होतं मावशी."

"हट्टी मेली." मावशी दोन पावलं पुढं सरकली, गुडघ्यावर हात ठेवून वाकली आणि बाजारात हाक मारावी तशी ओरडली. "सावोन! अगं ए सावोन! उजाडतंय! सावली तुझी होती. तू आधी बसली होतीस, मी नंतर आले. ऐकलंस? आता खा!"

चपला शोधणाऱ्या बाया जागच्या जागी थांबल्या. त्यांच्यापैकी निम्म्यांनी ते भांडण पाहिलेलं होतं.

"काय म्हणाल्या त्या?" हेल्गेसाहेबांनी हळूच विचारलं.

"त्या म्हणाल्या," नारिथनं सवयीनं सुरुवात केली, "इथले लोक असं मानतात की..." आणि तिथेच थांबला. मग म्हणाला, "माझ्या आईला म्हणाल्या, जेव."

त्याच वेळी तळ्याच्या बाजूनं शेकडो माणसांचा एकदम "आऽऽह" असा आवाज आला. पाठोपाठ कॅमेऱ्यांची कटकट. विहाराचं छप्पर आडवं येत असल्यामुळे इथून काहीच दिसत नव्हतं.

"सूर्य उगवला," नारिथ म्हणाला. महिनाभरातला पहिलाच धड सूर्योदय त्याच्या पाहुण्यांनी चुकवला होता. "माफ करा."

"ऐकला आम्ही," हेल्गेसाहेब म्हणाले. "तुमच्या आईंचं झालं का?"

हे नारिथलाही माहीत नव्हतं. त्यानं मावशीकडे पाहिलं. विहारातलं एक कुत्रं भिंतीच्या कडेनं हुंगत आलं आणि त्या घासापाशी थांबलं. नारिथ त्याला हाकलायला धावला, तशी मावशीनं त्याचा दंड धरला.

"खाऊ दे त्याला. तिचं झालंय."

"कशावरून?"

"माझ्या हातचं होतं ना?" मावशी उरलेले दोन घास घेऊन वळली. "घशाखाली उतरलं नसतं, तर गप्प बसली असती का ती?"