कंटेनरवरचा कोंबडा

"उतर खाली, मेल्या! तुझ्या बापाचा माळा हाय काय तो?"

मी गॅलरीत स्टुलावर चढून कपडे वाळत घालत होतो. निमूट खाली उतरलो. पण शिवी माझ्यासाठी नव्हती. जासईतल्या माझ्या घरमालकीण मावशी शेजारी उभ्या असलेल्या ट्रेलरवर ओरडत होत्या, आणि कंटेनरच्या टपावर त्यांचा लाल कोंबडा सगळा जनानखाना घेऊन बसला होता. मावशींनी आवाज लावला की न्हावा शेव्याच्या क्रेनी उचललेला डबा हवेत धरून थांबायच्या. कोंबडा मात्र ढिम्म.

"अम्मा, टिकट निकाला है इनका?" ड्रायव्हरने विचारलं.

मावशी हसल्या नाहीत. रात्री इथे थांबलेले ट्रेलर पहाटे निघायचे. आदल्या आठवड्यात दोन तलंगा, कोवळ्या कोंबड्या, अशाच बंदरावर गेल्या, त्या गेल्याच. एक दुबईला सुखरूप पोचली असं मी ऑफिसात ठोकून दिलं, तर एकाने पत्ता मागितला. इकडे मावशींना घास गोड लागत नव्हता.

जुनं खुराडं मोडलं होतं आणि लेकाने बांधून दिलेल्या नव्यात कोंबड्या पाऊल टाकायला तयार नव्हत्या. तुम्ही कोंबड्या पाळल्या असतील तर ठाऊकच असेल, अंधार पडला की कोंबडीची उशी होते. त्या सांजेला मी टपावर चढून एकेक उशी खाली दिली. कोंबडा तेवढा जागा होता. माझं बोट अजून वाकडं आहे, हवं तर दाखवतो.

मावशींनी प्रत्येकीला पदराखाली घेऊन आतल्या दांडीवर बसवलं आणि कडी घातली.

"आता तीन-चार दिस कोंडायचं, बाला. दाना-पानी आतच. घर सांगून कलत नाय, कोंडूनच कलतं."

कोंबड्याने एवढा आरडाओरडा केला की उरणपर्यंत लोक घड्याळं लावत होते. मग एका दुपारी मावशींनी दार उघडलं. दिवेलागणीला कोंबडा ट्रेलरजवळ गेला. मान वाकडी करून टप बघितला. मावशींच्या हातातले तांदूळ घामाने शिजायचेच बाकी होते. कोंबडा वळला आणि गृहस्थासारखा खुराड्यात शिरला. मागोमाग सगळ्या. मावशी पायरीवर मटकन बसल्या आणि मला म्हणाल्या, "तू पन जा आता आपल्या खुरार्‍यात."

गेल्या वर्षी लेकाने त्यांना वाशीच्या फ्लॅटमध्ये नेलं. खुराडं माझ्याकडे सोपवून गेल्या. दुसऱ्याच दिवशी सांजेला लेकाचा फोन, "आई तिकडे आली का हो?"

खाली बघतो तर मावशी पायरीवर, कोंबडा मांडीशी.

"मावशी!" मी त्यांच्याच पट्टीत ओरडलो. "तिकडे सगळे शोधतायत तुम्हाला! वाशीचं घर सोडून इकडे कशा आलात?"

त्यांनी वरही बघितलं नाही.

"मना कुनी कोंडलंच नाय."